किनाऱ्यावरचं रडार: लावायचं, जुळवायचं आणि तपासायचं कुठल्या क्रमाने

किनाऱ्यावर रडार बसवणाऱ्या किंवा व्हीटीएस सेंटर (जहाजांच्या वाहतुकीवर लक्ष ठेवणारं केंद्र) चालवणाऱ्या लोकांचे प्रश्न ठरलेले असतात. छोट्या होड्या दिसत नाहीत, एकाच जहाजाचे दोन ट्रॅक (स्क्रीनवरच्या सलग हालचालीच्या खुणा) पडतात, वारा सुटला की स्क्रीन खोट्या ट्रॅकनी भरून जाते, पाऊस आला की सगळंच गायब. आणि जवळजवळ प्रत्येक वेळी उपाय शोधला जातो ट्रॅकरच्या, म्हणजे ट्रॅक बनवणाऱ्या सॉफ्टवेअरच्या, सेटिंगमध्ये, कारण ते सेटिंग खुर्चीत बसून बदलता येतं. खरा दोष मात्र बऱ्याचदा दोन-तीन पायऱ्या मागे असतो, अँटेनाच्या जागेत, बेअरिंगच्या (दिशेच्या कोनाच्या) जुळणीत नाहीतर क्लटरच्या (लाटा, पाऊस यांच्यावरून परत येणाऱ्या नको त्या सिग्नलच्या) फिल्टरमध्ये.

सिग्नलचा रस्ता एकदा डोक्यात पक्का करा: अँटेना, ट्रान्सीव्हर (लहरी पाठवणारं आणि परत घेणारं यंत्र), रॉ व्हिडिओ (कच्चं रडार चित्र), क्लटर कमी करणं, प्लॉट (एका फेरीत सापडलेला ठिपका), ट्रॅक, एआयएसशी (जहाज स्वतःची ओळख आणि जागा रेडिओवर सांगतं त्या यंत्रणेशी) जोडणी आणि शेवटी डिस्प्ले. मागच्या पायरीवर जे हरवलं ते पुढच्या पायरीवर परत मिळत नाही, कितीही भारी सॉफ्टवेअर असलं तरी. म्हणून खालचा क्रम मोडू नका, आणि एका पायरीची तपासणी पास झाल्याशिवाय पुढची पायरी उघडू नका.

(या लेखात मैल म्हणजे सगळीकडे नॉटिकल मैल, १.८५२ किलोमीटरचा.)

## १. आधी कागदावर: काय दिसायला हवं आणि कुठे

"आम्हाला २४ मैल रेंजचं रडार हवंय" या वाक्याला काही अर्थ नाही. २४ मैलांवर काय दिसायला हवं? कंटेनर जहाज तर कुठलंही बरं रडार दाखवेल, पण त्याच अंतरावर फायबरची उघडी होडी दाखवायची म्हटलं तर गोष्ट पूर्ण वेगळी होते. त्यामुळे सुरुवात टार्गेटच्या यादीपासून करा.

प्रत्येक प्रकारासाठी चार गोष्टी लिहा: रडारला ते किती "मोठं" दिसतं म्हणजे आरसीएस, पाण्यापासून त्याची उंची, जास्तीत जास्त वेग, आणि कुठल्या भागात दिसायला हवं. छोट्या फायबरच्या किंवा लाकडी होडीसाठी १ चौरस मीटर आरसीएस आणि १ मीटर उंची धरून चालतात, किनाऱ्याजवळच्या मासेमारी बोटीला साधारण ३ चौरस मीटर आणि २ मीटर, आणि मोठी जहाजं हजारो चौरस मीटरच्या घरात जातात. म्हणजे एकाच स्क्रीनवर १ आणि १०,००० दोन्ही हाताळायचेत, आणि पुढची बहुतेक डोकेदुखी इथूनच येते.

मग समुद्राची अवस्था आणि पाऊस लिहा. शांत पाण्यात दिसली पाहिजे की लाटा असतानाही? ताशी किती मिलिमीटर पावसात? हे लिहिलं नसेल तर पुरवठादार शांत, कोरड्या हवेतला आकडा देणार आणि कागदावर तो खोटाही नसणार.

व्हीटीएससाठी करत असाल तर आयएएलएची (सागरी दिशादर्शनाच्या आंतरराष्ट्रीय संघटनेची) जी-११११ ही गाइडलाइन यादी बनवताना शेजारी ठेवा, टार्गेटचे प्रकार आणि हवामानाच्या अटी कशा मांडायच्या ते त्यात नीट दिलंय. व्हीटीएसच्या कामाची चौकट आयएमओच्या (आंतरराष्ट्रीय सागरी संघटनेच्या) २०२१ च्या ए.११५८(३२) या ठरावात आहे. जुन्या टेंडरमधून कॉपी मारणारे अजून १९९७ चा ए.८५७(२०) लिहितात, तो आता लागू नाही, नवीन ठरावाने त्याची जागा घेतली आहे.

सावधान: पॉवर वाढवून रेंज वाढवू असं ठरवत असाल तर थांबा. रडारचा इको, म्हणजे टार्गेटवरून परत आलेला सिग्नल, अंतराच्या चौथ्या घाताने कमी होतो, त्यामुळे रेंज दुप्पट करायला पॉवर १६ पट लागते. त्यातही पाण्याला चिकटून असलेल्या होडीवर सरळ आलेला किरण आणि पाण्यावरून परावर्तित झालेला किरण एकमेकांना मारतात, आणि लांबवर ही घट आठव्या घातापर्यंत जाते. पैसे पॉवरपेक्षा चांगल्या अँटेनावर आणि जागेवर घाला.

## २. जागा आणि उंची

रडारचं क्षितिज काढायचं सोपं सूत्र: अँटेनाच्या उंचीचं वर्गमूळ अधिक टार्गेटच्या उंचीचं वर्गमूळ, गुणिले २.२. उंची मीटरमध्ये, उत्तर मैलांत. अँटेना २५ मीटरवर आणि होडी १ मीटर असेल तर ५ अधिक १ म्हणजे ६, गुणिले २.२, उत्तर १३.२ मैल. अँटेना १०० मीटरवर नेली तर २४.२ मैल. उंची चौपट, रेंज दुप्पटसुद्धा नाही. आणि हे फक्त भूमितीचं क्षितिज, छोटी होडी प्रत्यक्षात त्याच्या बरीच अलीकडे दिसायला लागते.

उंच डोंगरावर लावायचा मोह सगळ्यांना होतो. त्याचे दोन तोटे आहेत जे नंतर दुरुस्त होत नाहीत. पहिला म्हणजे अँटेनाच्या पायथ्याशी आंधळा पट्टा तयार होतो: १०० मीटर उंचीवर बीमची (अँटेनातून निघणाऱ्या झोताची) खालची कड क्षितिजाच्या १० अंश खाली असेल तर अर्ध्या किलोमीटरहून थोडं जास्त, म्हणजे साधारण ५७० मीटरपर्यंत, रडार नीट बघतच नाही, आणि बंदराचं तोंड नेमकं तिथेच असू शकतं. दुसरा तोटा, वरून बघितल्यावर लाटा जास्त कोनातून दिसतात, त्यामुळे सी क्लटर वाढतं आणि लांबपर्यंत पसरतं. उंच जागा टाळताच येत नसेल तर खालच्या बाजूला जास्त झाकणारी, इन्व्हर्स कोसेकंट स्क्वेअर पॅटर्नची अँटेना मागा, व्हीटीएससाठी ती मिळते.

जागा ठरवताना नुसत्या नकाशावर विश्वास ठेवू नका. अँटेना जिथे फिरणार त्या उंचीवरून, क्रेन किंवा बकेट लिफ्टने वर जाऊन, पूर्ण ३६० अंशांचे फोटो काढा, होकायंत्राच्या बेअरिंगसकट. झाडं वाढतात, शेजारी मोबाइल टॉवर उभे राहतात, बंदराच्या क्रेन सरकतात आणि बूम वर-खाली करतात, जहाज धक्क्याला लागलं की त्याच्यामागचं सगळं सावलीत जातं. मोठ्या सपाट धातूच्या भिंती, तेलाच्या टाक्या, कंटेनरच्या थप्प्या या आरशासारखं काम करतात आणि समुद्रातल्या जहाजाची खोटी प्रतिमा जमिनीवर किंवा दुसऱ्याच दिशेला दाखवतात. पवनचक्क्या असतील तर त्यांच्यामागे सावली आणि आजूबाजूला खोटे प्लॉट, दोन्ही धरून चाला.

पुढे जाण्याआधी तपासा: नकाशावर प्रत्येक टार्गेट प्रकाराचं कव्हरेज वेगळं काढलंय का? आंधळे सेक्टर लाल रंगाने दाखवलेत का? महत्त्वाचा चॅनल एकाच रडारच्या भरवशावर असेल तर ते रडार बंद पडल्यावर काय दिसणार, हे आत्ताच लिहून ठेवा.

## ३. बँड, अँटेना आणि ट्रान्समीटर निवडणं

एक्स बँड म्हणजे ९ गिगाहर्ट्झच्या थोडा वर, तरंगलांबी सव्वातीन सेंटिमीटरच्या आसपास. एस बँड ३ गिगाहर्ट्झच्या आसपास, तरंगलांबी १० सेंटिमीटर. एक्स बँडमध्ये मावेल एवढ्या अँटेनात बारीक बीम मिळते, म्हणून किनाऱ्यावर तोच जास्त दिसतो. ५.५ मीटर रुंदीच्या एक्स बँड अँटेनाची बीम साधारण ०.४ अंशाची असते, म्हणजे १० मैलांवर १३० मीटर रुंद. त्यापेक्षा जवळ बाजूबाजूला चाललेल्या दोन होड्या तिथे एकच इको देणार, हे गणित आहे आणि ते सॉफ्टवेअरने सुटत नाही. एस बँडमध्ये तेवढीच बारीक बीम हवी असेल तर अँटेना तिप्पट रुंद लागते.

मुसळधार पावसाचा प्रदेश असेल तर मात्र एस बँडचा विचार गंभीरपणे करा. पावसाच्या थेंबांचा इको तरंगलांबीच्या चौथ्या घाताने बदलतो, त्यामुळे त्याच पावसात एक्स बँडला एस बँडच्या जवळपास १०० पट इको दिसतो. एक्स बँडच ठेवायचा असेल तर सर्क्युलर पोलरायझेशनची सोय असलेली अँटेना घ्या, गोल थेंबांचा इको त्याने बराच दबतो. फुकट नाही मिळत ते, जहाजांचा इकोही थोडा कमी होतो.

आता ट्रान्समीटर मॅग्नेट्रॉनचा (जुन्या पद्धतीच्या नळीचा) की सॉलिड स्टेट (ट्रान्झिस्टरचा)? मॅग्नेट्रॉन स्वस्त, पीक पॉवर २५ किलोवॅटसारखी मोठी, पण नळी काही हजार तासांनी बदलावी लागते आणि म्हातारी होत जाते ती हळूहळू, कोणाच्या लक्षात न येता. सॉलिड स्टेटमध्ये पीक पॉवर काही शे वॅटच असते, ती कमतरता पल्स (एका वेळी सोडलेला लहरींचा झोत) लांब करून भरून काढतात आणि आलेला इको पल्स कॉम्प्रेशनने आवळतात. २० मेगाहर्ट्झ बँडविड्थ वापरली तर अंतरातली बारकाई ७.५ मीटरपर्यंत येते. शिवाय डॉप्लर (टार्गेटचा रडारकडे येण्या-जाण्याचा वेग) मिळतो, अनेक फ्रिक्वेन्सी वापरता येतात, एखादं मॉड्यूल गेलं तरी रडार मरत नाही.

पण सॉलिड स्टेटच्या दोन गोष्टी लोक विचारायला विसरतात. लांब पल्स पाठवत असताना रिसीव्हर बंद असतो, ५० मायक्रोसेकंदांच्या पल्सने ७.५ किलोमीटरपर्यंतचा भाग आंधळा होतो, म्हणून जवळच्या भागासाठी छोट्या पल्स मिसळाव्या लागतात. त्या दोन भागांच्या सांध्यावर टार्गेट कसं दिसतं ते डेमोत बघा. आणि कॉम्प्रेशनमुळे मोठ्या जहाजाच्या पुढे-मागे अंतराच्या दिशेने साइडलोबची पुसट सावली पडते, त्यात जहाजाजवळची पायलट बोट हरवू शकते. डेमो मागताना नेहमी "मोठ्या जहाजाशेजारी छोटी बोट" हाच प्रसंग मागा, मोकळ्या समुद्रातली एकटी बोट तर सगळेच दाखवतात.

किनाऱ्यापासून २०० मैलांपर्यंत बघायचंय असं कोणी म्हणत असेल तर ते काम या रडारचं नाही. त्याला समुद्राच्या पृष्ठभागावरून वळत जाणाऱ्या लहरींचं एचएफ रडार लागतं, त्याचे अँटेना-रांगांचे पसारे मोठे आणि बारकाई फार कमी. तो वेगळा विषय.

## ४. बसवणं

इथे थोडक्यात सांगतो कारण मॅन्युअलमध्ये बहुतेक असतं. टॉवर डुलता कामा नये, वाऱ्यात ०.१ अंश पिळला तरी बेअरिंग तेवढीच हलते. अँटेनाचा बेस स्पिरिट लेव्हलने चारही दिशांना तपासा. ट्रान्सीव्हर शक्यतो वरती अँटेनाजवळ ठेवा, लांब वेव्हगाइडमध्ये (लहरी नेणाऱ्या धातूच्या नळीत) सिग्नल जाताना एकदा आणि येताना एकदा असा दोनदा खर्च होतो. वेव्हगाइड असेलच तर कोरडी हवा भरणारा डिहायड्रेटर हवाच, आत ओल आली की काम तमाम. वीज पडण्यापासून संरक्षण, अर्थिंग, यूपीएस, आणि दुर्गम जागा असेल तर जनरेटर, हे सगळं अँटेना वर चढवायच्या आधी तयार पाहिजे. फ्रिक्वेन्सीचा परवाना हातात आल्याशिवाय ट्रान्समिट करू नका.

धोका: अँटेनाजवळ माणूस चढण्याआधी वरच्या आयसोलेटर स्विचला कुलूप लावा आणि किल्ली चढणाऱ्याच्या खिशात ठेवा. नुसतं फोनवरून "बंद कर रे" सांगून भागत नाही, रडार लांबच्या सेंटरमधून कोणीही चालू करू शकतं आणि फिरती अँटेना माणसाला खाली ढकलते. थांबलेल्या अँटेनातून ट्रान्समिट चालू राहिलं तर एकाच दिशेला सतत मारा होतो, म्हणून अँटेना थांबली की ट्रान्समीटर आपोआप बंद होतो का तेही करून बघा.

अँटेनाच्या पुढच्या, लहरी बाहेर पडतात त्या बाजूला साधा रंग मारू नका. गंज दिसला म्हणून सगळं रंगवून काढतात आणि मग रेंज का कमी झाली म्हणून शोधत बसतात.

## ५. जुळणी: उत्तर, अंतर, वेळ, नकाशा

सर्वात जास्त चुका या पायरीवर होतात आणि त्या दिसतात मात्र सातव्या-आठव्या पायरीवर, म्हणून इथे सावकाश जा.

उत्तरेची जुळणी अर्धा अंश चुकली तर १० मैलांवर जहाज १६० मीटर बाजूला दिसतं. एका रडारवर हे कोणाला कळत पण नाही. दोन रडार जोडली की एका जहाजाचे दोन होतात, आणि मग लोक ट्रॅकरमधला जोडणीचा गेट (किती जवळचे इको एकच जहाज मानायचे ती मर्यादा) मोठा करतात, त्यामुळे शेजारून जाणारी दोन खरी जहाजं एक होतात. चूक उत्तरेची होती, मार खाल्ला ट्रॅकरने.

जुळणी अशी करा:

१. पक्के, न हलणारे, सर्वेक्षण केलेले किमान तीन संदर्भ निवडा, वेगवेगळ्या दिशांना आणि वेगवेगळ्या अंतरांवर. दीपगृह, समुद्रातला खांब, ब्रेकवॉटरच्या टोकावर लावलेला कॉर्नर रिफ्लेक्टर. तरंगती बोया चालणार नाही, ती साखळीवर फिरत असते.

२. अँटेनाच्या फिरण्याच्या केंद्राचे को-ऑर्डिनेट नीट मोजा, इमारतीच्या गेटचे किंवा ऑफिसचे टाकू नका. सगळं डब्ल्यूजीएस-८४ (जीपीएस वापरतं ती को-ऑर्डिनेट पद्धत) मध्येच हवं. जुन्या स्थानिक डेटमचा नकाशा मिसळला तर फरक शेकडो मीटरचा पडू शकतो.

३. आधी अंतर जुळवा, मग बेअरिंग. अंतरातली चूक सगळीकडे सारखी असेल तर ती केबलच्या आणि ट्रिगरच्या विलंबाची, एकाच ऑफसेटने जाते. अंतराबरोबर वाढत असेल तर कारण दुसरं आहे, ऑफसेटने झाकू नका.

४. बेअरिंगची चूक तिन्ही संदर्भांवर सारखी आली तर उत्तर फिरवा. दिशेप्रमाणे कमी-जास्त होत असेल तर बेस तिरका आहे किंवा एन्कोडरमध्ये (अँटेनाचा कोन मोजणाऱ्या भागात) दोष आहे. परत वर चढा.

५. वेळ. प्रत्येक प्लॉटवर तो रडारवर दिसला त्या क्षणाचा टाइम स्टॅम्प पाहिजे, सर्व्हरवर पोचला त्या क्षणाचा नको. २० नॉटच्या (ताशी २० मैल वेगाच्या) जहाजाचं ३ सेकंदांत ३१ मीटर अंतर होतं. सगळ्या साइट एकाच यूटीसी (जागतिक प्रमाणवेळेच्या) घड्याळावर हव्यात, आणि जीपीएस जॅम झालं तरी काही तास नीट चालेल असं लोकल घड्याळ असलं तर फार बरं.

तपासणी: एआयएसवर जुळणी करू नका. एआयएसची जागा जहाजावरच्या जीपीएस अँटेनाची असते, रडारचा इको जहाजाच्या तुमच्याकडच्या बाजूचा. पक्क्या संदर्भांवर जुळणी झाल्यावर एआयएसकडे फक्त पडताळणी म्हणून बघा, तेही छोट्या जहाजांवर.

## ६. रॉ व्हिडिओ आणि क्लटर

ट्रॅकर पूर्ण बंद ठेवा. फक्त रॉ व्हिडिओ बघा. आणि हे काम शांत दिवशी उरकून टाकू नका, शांत दिवशी कुठलंही सेटिंग छान दिसतं. वारा असताना, पाऊस असताना, भरती आणि ओहोटी दोन्ही वेळा रॉ व्हिडिओ रेकॉर्ड करा, मग तीच रेकॉर्डिंग परत परत चालवून सेटिंग ठरवा. अ‍ॅस्टेरिक्स कॅटेगरी २४० (रडार डेटाच्या देवाणघेवाणीचा ठरलेला फॉरमॅट) मध्ये व्हिडिओ बाहेर देणारं रडार असेल तर हे सोपं जातं, कुठल्याही कंपनीच्या प्रोसेसरवर चालवता येतं.

गेन (रिसीव्हरची संवेदनशीलता) पहिला. मोकळ्या, टार्गेट नसलेल्या भागात नॉइजचे बारीक ठिपके नुसते दिसतील इतका. स्क्रीन स्वच्छ काळी दिसली की लोकांना बरं वाटतं, पण काळी स्क्रीन म्हणजे छोटी होडी सुद्धा गेली.

मग एसटीसी, जवळच्या भागातली संवेदनशीलता कमी करणारं. इथली नेहमीची चूक म्हणजे सगळ्या दिशांना एकच कर्व्ह लावणं. वारा ज्या बाजूने येतो त्या बाजूच्या लाटा जास्त इको देतात, वारा जातो त्या बाजूच्या कमी. त्यामुळे सेक्टरप्रमाणे किंवा आपोआप जुळवून घेणारं सेटिंग वापरा.

नंतर सीफार, म्हणजे आजूबाजूचा सरासरी गोंधळ मोजून त्याच्या वर उंबरठा ठेवणारं फिल्टर. खिडकी खूप छोटी ठेवली तर लांब जहाज स्वतःलाच गोंधळ समजून स्वतःचा मध्यभाग पुसतं. खूप मोठी ठेवली तर किनाऱ्याचा इको खिडकीत शिरतो आणि किनाऱ्यालगतच्या होड्या मरतात. जमिनीचा मास्क आधी, सीफार नंतर, हा क्रम पाळला तर अर्धा त्रास वाचतो.

स्कॅन-टू-स्कॅन म्हणजे अनेक फेऱ्यांची सरासरी. लाटा प्रत्येक फेरीत बदलतात, बोया तिथेच राहते, म्हणून बोया उठून दिसते. पण अँटेना मिनिटाला २४ फेरे घेत असेल तर एक फेरी अडीच सेकंदांची, तेवढ्यात ३० नॉटची स्पीडबोट साधारण ३९ मीटर पुढे गेलेली असते. सरासरीत ती लाटेसारखीच पुसली जाते. निगराणीसाठी जी बोट सगळ्यात महत्त्वाची तीच जाते, आणि स्क्रीन मात्र सुंदर दिसत असते! दोन समांतर चॅनल चालवा, एक हळू टार्गेटसाठी सरासरीचा, एक वेगवान टार्गेटसाठी बिनसरासरीचा.

डॉप्लर असेल तर त्याच्यावरही आंधळा विश्वास नको. बोट रडारच्या आडवी चालली की तिचा रडारकडे येण्याचा वेग शून्य होतो आणि फिल्टर तिला स्थिर समजतं. शिवाय ठरावीक वेगांवर डॉप्लर आंधळा असतो: एक्स बँडवर सेकंदाला १००० पल्स पाठवत असाल तर पहिला आंधळा वेग सेकंदाला १६ मीटर, म्हणजे ३१ नॉट. म्हणून पल्सचा दर बदलता ठेवा, आणि डॉप्लर नसलेला चॅनल कायम चालू ठेवा.

ओळखा: गरम कोरडी हवा थंड समुद्रावर आली की लहरी पाण्याला चिकटून फार लांब जातात, त्याला डक्टिंग म्हणतात. मग ५० मैलांवरचं मोठं जहाज किंवा डोंगर आधीच्या पल्सचा इको म्हणून परत येतो आणि जवळ कुठेतरी दिसतो. सेकंदाला २००० पल्स असतील तर ४० मैलांच्या पलीकडचं सगळं असं घडी पडून येतं, ५० मैलांवरचं १० मैलांवर. शंका आली तर पल्सचा दर बदला. खरं टार्गेट जागचं हलत नाही, खोटं उडी मारतं.

## ७. प्लॉट आणि ट्रॅक

आता ट्रॅकर चालू करा, पण सगळीकडे एकदम नको. आधी मोकळं पाणी, मग चॅनल, मग बंदराचं तोंड, शेवटी अँकरेज, म्हणजे जहाजं नांगर टाकून थांबतात तो भाग.

ट्रॅक सुरू करायचा नियम साधारण "५ फेऱ्यांत ३ वेळा दिसलं तर ट्रॅक" अशा स्वरूपाचा असतो. कडक केला तर वेगवान बोट उशिरा पकडली जाते, सैल केला तर लाटांचे ट्रॅक होतात. भागाप्रमाणे वेगळा ठेवा.

ब्लँकिंग आणि नो-ऑटो-अ‍ॅक्विझिशन या दोन गोष्टींची गल्लत फार होते. ब्लँकिंगमध्ये तिथला व्हिडिओच जातो, तिथे काहीही आलं तरी दिसणार नाही. नो-ऑटो-अ‍ॅक्विझिशनमध्ये नवीन ट्रॅक आपोआप सुरू होत नाही एवढंच, बाहेरून आत आलेला ट्रॅक चालू राहतो आणि ऑपरेटरला व्हिडिओ दिसतो. ओहोटीला उघडे पडणारे खडक, बोया, मासेमारीचे खुंट यांच्यासाठी दुसरी गोष्ट वापरा. बोयाभोवती ब्लँकिंग केलं तर बोयाला बांधून उभी राहिलेली होडी कायमची अदृश्य होते, आणि लपायचंय त्याला हे लवकर समजतं.

मोठं जहाज वळताना इकोचा केंद्रबिंदू बाजूवरून मागच्या टोकाकडे सरकतो, ट्रॅकरला वाटतं जहाज आडवं सरकतंय. हे सेटिंगने पूर्ण जात नाही, ऑपरेटरला शिकवा. अँकरवरची जहाजं एक-दोन नॉटने थरथरतात, त्यांच्यासाठी कमी वेगाचा वेगळा नियम ठेवा. ओव्हरटेक करताना ट्रॅकची अदलाबदल होते का हे मात्र रेकॉर्डिंगवर मुद्दाम तपासा, कारण अदलाबदल झाली की नाव एका जहाजाचं आणि वेग दुसऱ्याचा, आणि ऑपरेटर रेडिओवर चुकीच्या कॅप्टनला सूचना देतो.

## ८. एआयएस जोडताना

एआयएस १६१.९७५ आणि १६२.०२५ मेगाहर्ट्झवर चालतं. क्लास ए चालतं जहाज २ ते १० सेकंदांनी जागा सांगतं, अँकरवर असलं तर ३ मिनिटांनी. क्लास बी बऱ्याचदा ३० सेकंदांनी. रडार अडीच सेकंदांनी. त्यामुळे एआयएसची जागा रडार प्लॉटच्या वेळेपर्यंत पुढे नेऊन मगच तुलना करा, कच्ची जागा रडारशी जोडू नका.

३०० मीटरच्या जहाजावर जीपीएस अँटेना मागे ब्रिजवर (जहाज चालवायच्या खोलीवर) असते आणि रडारचा केंद्रबिंदू पुढे, फरक १०० मीटरच्या वर सहज जातो. जहाज स्वतःचा आकार आणि अँटेनाची जागा दर ६ मिनिटांनी पाठवतं, ती वापरून दुरुस्ती करा आणि जोडणीचा गेट जहाजाच्या लांबीप्रमाणे ठेवा. सगळ्यांना एकच मोठा गेट लावला तर टँकरच्या शेजारची टग टँकरमध्ये विलीन होते.

आणि कळकळीने सांगतो, एआयएसला सत्य आणि रडारला शंका असं धरू नका. एआयएस म्हणजे जहाज स्वतःबद्दल जे सांगतं ते. बंद करता येतं, चुकीचं भरता येतं, आणि जीपीएसमध्ये स्पूफिंग झालं, म्हणजे कोणी खोटे सिग्नल सोडले, तर प्रामाणिक जहाजही स्वतःला भलतीकडे दाखवतं. रडारला जहाज आपल्याबद्दल काय सांगतंय याच्याशी देणंघेणं नसतं. म्हणून डिस्प्लेवर तीन गोष्टी वेगळ्या रंगात दिसल्याच पाहिजेत: दोन्ही जुळलेले, फक्त रडारवर असलेले, फक्त एआयएसवर असलेले. दोघांतला फरक ठरावीक मर्यादेबाहेर गेला तर जोडलेलं चिन्ह तुटून अलार्म यायला हवा. काही सिस्टिम फरक गिळून मधला कुठलातरी बिंदू दाखवतात, ते सेटिंग बंद करा.

## ९. होडीने चाचणी आणि रोजचं लक्ष

यादीतली सगळ्यात छोटी होडी घ्या, तिच्यावर जीपीएस लॉगर ठेवा, एआयएस बंद. आधी रडारपासून सरळ बाहेर न्या, मग परत आत, मग आडवी, मग थांबा, मग एकदम पूर्ण वेगाने. मोठ्या जहाजाशेजारून न्या, सुरक्षित अंतर ठेवून. आंधळ्या सेक्टरच्या कडेने न्या. होडीवर धातूचा रिफ्लेक्टर किंवा उंच मास्ट नको, नाहीतर चाचणी दुसऱ्याच टार्गेटची होईल. वेळ यूटीसीमध्ये नोंदवा. नंतर लॉग आणि प्लॉट एकमेकांवर टाका आणि प्रत्येक मैलाच्या पट्ट्यात किती फेऱ्यांपैकी किती फेऱ्यांत होडी दिसली ते मोजा. "दिसली होती" हे उत्तर चालत नाही. ट्रॅक कितव्या मैलावर सुरू झाला आणि कुठे तुटला तेही वेगळं लिहा. लाटा असलेल्या दिवशी हेच परत करा, बोटवाल्यांच्या सुरक्षेची मर्यादा सांभाळून.

ऑपरेटरला रॉ व्हिडिओ बघायची सोय द्या, नुसती चिन्हं नकोत, कारण ट्रॅकरला न सापडलेली होडी अनुभवी डोळ्याला शेपटासकट दिसते. टक्करीचे अलार्म भागाप्रमाणे ठेवा. अरुंद चॅनलमध्ये मोकळ्या समुद्राची मर्यादा लावली तर अलार्म सतत वाजत राहतो आणि मग तो कोणी ऐकत नाही.

रोजच्यासाठी एकच गोष्ट सक्तीची करा: जुळणीसाठी वापरलेल्या पक्क्या रिफ्लेक्टरचा इको किती डेसिबल आला आणि कुठे दिसला, रोज त्याच सेटिंगवर, शक्यतो त्याच भरतीच्या पातळीला नोंदवा. मॅग्नेट्रॉन म्हातारा होऊन ३ डेसिबल गेले म्हणजे अर्धी पॉवर गेली, तरी चौथ्या घातामुळे रेंज फक्त १६ टक्के कमी होते. मोठी जहाजं तशीच दिसत राहतात, तक्रार कोणी करत नाही, आणि १५ मैलांवर दिसणारी होडी साडेबारावर येते. नोंदवहीत मात्र ते ३ डेसिबल स्पष्ट दिसतात. इको एकदम पडला तर केबल, कनेक्टर, वेव्हगाइडमधली ओल बघा. हळूहळू पडत असेल तर मॅग्नेट्रॉन किंवा अँटेनाच्या तोंडावर जमलेलं मीठ, ते गोड्या पाण्याने धुवून परत मोजा. इको तसाच पण बेअरिंग सरकलं असेल तर पाचव्या पायरीवर परत जा, ट्रॅकरला हात लावू नका.